चावी कोणाकडे असते?

आईला क्लब हाऊसमधून उठवलं तेव्हा तिच्या मांडीवर मेथीची जुडी होती.

उठवलं म्हणजे हाताला धरून नाही. सिक्युरिटीचा मुलगा आला आणि म्हणाला, "आजी, इथं बसायचं नाही. बुकिंग लागतं." आई चोपन्न वर्षांची आहे. उठवल्याचं जास्त लागलं की आजी म्हटल्याचं, हे तिनं मला अजून सांगितलेलं नाही. तिच्यासोबत दोघी होत्या. एक बी विंगमधली, नागपूरकडची. दुसरी ओडिशाची, मुलाकडे राहायला आलेली. तिला मराठी येत नाही आणि हिंदीही बेताचंच. तिघी मिळून मेथी निवडत होत्या. त्याला फारशी भाषा लागत नाही.

क्लब हाऊस तेव्हा रिकामं होतं. ते बहुतेक वेळा रिकामंच असतं. सोफ्यांवरचं प्लॅस्टिक अजून निघालेलं नाही, टेबल टेनिसच्या टेबलाखाली कुणाच्या तरी बारशाचे सुकलेले फुगे पडलेले असतात, आणि भिंतीवर बिल्डरनं लावलेला एक मोठा फोटो आहे. त्यात चार माणसं एका सोफ्यावर हसत गप्पा मारत बसली आहेत. बुकिंग न करता.

मी त्या रात्री सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर लिहिलं. चिडून नाही, नीट लिहिलं. उत्तरं आली. एकजण म्हणाले, नियम सगळ्यांना सारखे. एका ताईंनी विचारलं, "भाजी निवडायला घर आहे ना?" आणि एकांनी लिहिलं की आज या बसल्या, तर उद्या कामवाल्या बायकाही येऊन बसतील. या शेवटच्या मेसेजला सात अंगठे आले. मी मोजले.

अंगठ्यांबद्दल नंतर बोलू. आधी भाजीबद्दल. हो, घर आहे. पाचशे ऐंशी चौरस फुटांचं, हप्ते चालू असलेलं, चांगलं घर आहे. तरी माझ्या आईला भाजी दुसरीकडे बसून निवडायची आहे. हा हट्ट नाही. ती अशा जागेच्या सवयीची आहे, जी घरही नव्हती आणि बाजारही नव्हती.

सोलापूरच्या पूर्व भागात आमचं घर दहा बाय बाराचं होतं, वर पत्रा. वडील यंत्रमागावर चादरी विणायचे, आई विड्या वळायची. घरात पाच माणसं, सूप, तंबाखू, भिजवलेली पानं आणि माझी शाळेची पुस्तकं, एवढं सगळं त्या दहा बाय बारात. गल्लीच्या तोंडाशी समाजमंदिर होतं. एक लांबट हॉल, खाली शहाबादी फरशी, दोन लोखंडी कपाटं पुस्तकांची, एक कॅरम, दोन शिवणयंत्रं, पेपरचा तिरका लाकडी स्टँड. सकाळी आठ ते अकरा आणि संध्याकाळी चार ते आठ उघडं. ते अण्णा उघडायचे.

अण्णा जुने गिरणी कामगार. गिरणी बंद पडल्यावर त्यांना हे काम मिळालं होतं. महिन्याचं मानधन किती, ते मला पुष्कळ वर्षांनी कळलं आणि कळलं नसतं तर बरं झालं असतं असं वाटलं. पण आठ म्हणजे आठ. पावसात, गड्ड्याच्या यात्रेत, त्यांच्या घरी लग्न होतं त्या दिवशीसुद्धा, हळदीच्या हातानं त्यांनी कुलूप काढलेलं मी पाहिलंय.

तिथं काय चालायचं, असं मला कुणी विचारलं तर मी जरा अडखळते. कारण सांगण्यासारखं काही चालायचं नाही. माणसं पेपर वाचायची. ज्यांना वाचता येत नव्हतं त्यांना अण्णा मोठ्यानं वाचून दाखवायचे, मधे स्वतःची मतं घालून, त्यामुळे खरी बातमी कोणती आणि अण्णांची कोणती हे घरी येऊन तपासावं लागायचं. सोलापुरात नळाला चार-चार, पाच-पाच दिवसांनी पाणी येतं. आज आपल्याकडे येणार की उद्यावर गेलं, ही खबर तिथं सगळ्यांत आधी पोचायची. विडी कामगारांच्या मुलांना सरकारी शिष्यवृत्ती असते. तिचा फॉर्म कसा भरायचा, पासबुकाची झेरॉक्स कुठली लावायची, हे आईला कुठल्या ऑफिसात कुणी सांगितलं नव्हतं. तिथं बसलेल्या एका बाईनं सांगितलं, जिच्या मुलीनं आदल्या वर्षी तो भरला होता. मी शिकले त्यात त्या फॉर्मचा वाटा आहे. आणि दहावीचं वर्ष मी त्या हॉलमधल्या ट्यूबलाइटखाली काढलं, कारण घरातल्या दिव्याखाली विड्यांची मोजणी चालायची.

एक आजोबा रोज सकाळी येऊन राशिभविष्य वाचायचे. दोन दिवस आले नाहीत. तिसऱ्या दिवशी अण्णांनी एका पोराला त्यांच्या घरी पिटाळलं. आजोबा लेकीकडे बार्शीला गेले होते, ठणठणीत. परत आल्यावर "मी काय मेलो होतो का?" म्हणून अण्णांवर खेकसले. पण त्यानंतर गावाला जायचं असलं की आदल्या दिवशी येऊन सांगून जायचे. माझ्या आत्ताच्या मजल्यावर चार फ्लॅट आहेत. मी दोन दिवस दिसले नाही, तर फक्त डिलिव्हरीवाल्याला कळेल.

आता इथं थांबून दुसरी बाजूही सांगते, नाहीतर हा लेख 'आमच्या वेळी' छापाचा होईल आणि त्या लेखांचा मला कंटाळा आहे. ते समाजमंदिर काही स्वर्ग नव्हतं. संध्याकाळी सहानंतर कॅरम पोरांचा. दिवेलागणीनंतर मुलगी तिथं दिसली की घरी निरोप जायचा. दहावीचा अभ्यास करताना माझ्याशेजारी आई सूप घेऊन बसायची म्हणून मला बसता आलं. संडास नव्हता. त्यामुळे बायका तासाभरापलीकडे थांबू शकायच्या नाहीत, आणि शिवणवर्गाला बायका टिकत नाहीत अशी तक्रार दरवर्षी व्हायची, पण टिकत का नाहीत हे कुणी विचारलं नाही. माठातलं पाणी काहीजण प्यायचे नाहीत. तहान लागली नाही म्हणायचे. कुणाला कधीच तहान लागत नाही हे आम्हा पोरांनाही समजत होतं.

तेवढंच का, शब्दाचंच बघा. खेड्यात 'समाजमंदिर' म्हटलं की कुठली इमारत डोळ्यांसमोर येते? बऱ्याच गावांत ती दलित वस्तीतली असते. गावठाणातल्या लोकांचं बसणं-उठणं देवळाच्या सभामंडपात होतं, आणि 'त्यांच्यासाठी' वस्तीत समाजमंदिर बांधून दिलेलं असतं. गाव एक आणि बसायच्या जागा दोन. सगळ्यांनी एकत्र बसायची जागा या नावाखाली आपण वेगळं बसवण्याची सोय केली आहे, आणि तिच्यावर संगमरवरी पाटी लावली आहे. म्हणून मी जुनं परत आणा असं म्हणत नाहीये. जुन्यात एकच गोष्ट धड होती. दार ठरलेल्या वेळी उघडायचं आणि आत यायला कारण लागायचं नाही.

ते दार बंद कसं झालं, हे मात्र नीट ऐका, कारण याचं एक तयार उत्तर सगळ्यांकडे असतं. मोबाईल आले, पोरं घरात घुसली, कोण जाणार समाजमंदिरात! चुलत्यांपासून प्राध्यापकांपर्यंत सगळे हेच सांगतात. आमचं समाजमंदिर २०१० साली बंद झालं. आमच्या गल्लीत तेव्हा एकही स्मार्टफोन नव्हता. झालं एवढंच की अण्णांचे गुडघे गेले. त्यांनी काम सोडलं. त्यांच्या जागी कुणाची नेमणूक झाली नाही. काही दिवस पोरांनी आळीपाळीनं कुलूप काढलं, मग परीक्षा आल्या. पेपरवाल्याचं बिल थकलं, त्यानं पेपर टाकणं बंद केलं. लोक आधी गेले नाहीत. आधी अण्णा गेले, मग पेपर गेला, मग लोक गेले. आणि आता लोकांनाच दोष दिला जातो की तुम्हीच येत नाही.

पुढची गोष्ट तुमच्याही गावात घडली असेल. पाचेक वर्षांनी जुना हॉल पाडून तिथं दुमजली इमारत झाली. गुलाबी रंग, ग्रॅनाइटच्या पायऱ्या, आत चकचकीत टाइल्स. दर्शनी भिंतीवर पाटी: कुणाच्या निधीतून, कुणाच्या प्रयत्नांतून, कुणाच्या शुभहस्ते. पाटीवर अकरा नावं आहेत. इमारत कधी उघडी असते याची वेळ कुठेच लिहिलेली नाही. लिहायचं कारणही नाही म्हणा. ती बंद असते.

दोन दिवाळ्यांपूर्वी मी घरी गेले होते. दुपारी गल्लीतल्या पाच-सहा मावश्या दारात, पत्र्याच्या सावलीत विड्या वळत बसल्या होत्या. मी म्हटलं, समाजमंदिरात बसू या की, पंखे आहेत तिथं. त्या हसल्या. चावी कुणाकडे आहे हे कुणालाच नक्की माहीत नव्हतं. चौथ्या घरात कळलं की एका कार्यकर्त्याकडे आहे. मी गेले. तो माझ्याहून लहान, वागायला अगदी सभ्य. चहा घ्या म्हणाला. मग विचारलं, "ताई, कार्यक्रम काय आहे?"

"कार्यक्रम काही नाही. बसायचंय."

"म्हणजे मीटिंग?"

"मीटिंग नाही. नुसतं बसायचंय. मावश्या विड्या वळतील, मी पेपर वाचीन."

त्यानं माझ्याकडे जरा काळजीनं पाहिलं. मग म्हणाला की साहेबांना विचारावं लागेल, आणि विड्यांचा कचरा होतो, आणि पुढच्या आठवड्यात एक वाढदिवस आहे. चावी मिळाली नाही. त्याचा मला राग नाही आला. त्याला दिलेली चावी कार्यक्रमासाठीच होती. लग्न, बारसं, जयंती, आरोग्य शिबिर, वह्यावाटप, सत्कार यांपैकी काही असेल तर दार उघडायचं. माणसं नुसती येणार असतील तर उघडायची सोयच त्या व्यवस्थेत नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे, आणि ते मी आता सरळ सांगते. केंद्र म्हणजे इमारत असं आपण धरून चाललो आहोत, म्हणून इमारती वाढत चालल्या आहेत आणि केंद्रं मरत चालली आहेत. केंद्र म्हणजे रोज ठरलेल्या वेळी दार उघडणारा एक पगारी माणूस. तो असेल तर पत्र्याच्या शेडमध्येही केंद्र चालतं. तो नसेल तर ग्रॅनाइट कितीही लावा.

आणि हा माणूस का नसतो, यात कुणाचा आळस नाही. पैसा तसाच येतो. खासदार निधीची योजना १९९३ पासून आहे. आता एका खासदारामागे वर्षाला ५ कोटी रुपये. तो पैसा टिकाऊ सार्वजनिक मालमत्ता उभारण्यासाठी आहे. पगार, वीजबिल असल्या दर महिन्याच्या खर्चाला तो वापरता येत नाही. भिंत बांधता येते. भिंतीच्या आतला दिवा लावणाऱ्याला हजार रुपये देता येत नाहीत. भिंतीवर नाव कोरता येतं, माणसाच्या पगारावर कोरता येत नाही, हाही भाग आहेच. तुम्ही कधी अशी पाटी पाहिली आहे का, 'अमुक साहेबांच्या प्रयत्नांतून येथील ग्रंथपालांचे मानधन सलग दहा वर्षे वेळेवर'? मला अशी पाटी पाहायला आवडेल. मी तिच्यासोबत सेल्फी काढीन.

वाचनालयांचंही तेच. महाराष्ट्राचा सार्वजनिक ग्रंथालय कायदा १९६७ सालचा. त्याखाली गावोगावची वाचनालयं अ, ब, क, ड अशा वर्गांत बसवली जातात. ड वर्गातल्या वाचनालयाचं अनुदान अजूनही वर्षाला काही हजारांत मोजलं जातं. त्यातूनच पुस्तकं, पेपर आणि दार उघडणाऱ्या माणसाचा मेहनताना. केरळात ग्रंथालयांसाठी इमारतींच्या करावर रुपयामागे ५ पैसे उपकर घेतला जातो. रक्कम छोटी, पण ती दरवर्षी येते आणि कुणाच्या मर्जीवर अवलंबून राहत नाही. तिथल्या गावांतली वायनशाळा संध्याकाळी उघडी दिसते त्यामागे केरळी माणसाचं वाचनप्रेम असेलही, पण हा उपकरही आहे. आपल्या कायद्यात असा उपकर नाही.

तुम्ही म्हणाल, आम्हाला काय त्याचं? आम्ही तर कुठल्या समाजमंदिराला एक रुपया दिला नाही. दिला आहे. महाराष्ट्रात नोकरी करत असाल तर जूनची किंवा डिसेंबरची सॅलरी स्लिप उघडून बघा. पीएफ, प्रोफेशनल टॅक्स यांच्या खाली बहुधा 'एलडब्ल्यूएफ' अशी एक बारकी ओळ सापडेल. २५ रुपये. २०२४ पर्यंत १२ होते. तुमची कंपनी त्यात ७५ घालते. मी सहा वर्षं ती ओळ बघत होते आणि कुठलातरी विमा असेल असं समजत होते.

तो कामगार कल्याण निधी आहे. कायदा १९५३ सालचा, मुंबई राज्याच्या काळातला. त्या कायद्यातली मला सगळ्यांत विलक्षण वाटलेली गोष्ट म्हणजे निधीत काय काय जमा व्हायचं त्याची यादी. कामगारांच्या पगारातून कापलेला दंड. आणि कामगारांनी न नेलेला, मालकाकडे पडून राहिलेला पगार. म्हणजे कुणी उशिरा आला म्हणून कापलेले पैसे, कुणी गावी गेला तो परतलाच नाही त्याचे राहिलेले दिवस, कुणी मेला त्याचे हिशेब. कायद्यानं सांगितलं की हा पैसा मालकाचा नाही, यातून कामगारांसाठी केंद्रं चालवा. त्यातून शिवणवर्ग, वाचनालयं, व्यायामशाळा, ललित कला भवनं उभी राहिली, आणि कामगारांच्या नाट्यस्पर्धा सुरू झाल्या. त्याच्याही आधी, १९११ साली, ना. म. जोशींनी मुंबईत सोशल सर्व्हिस लीग काढली आणि गिरणगावात रात्रशाळा व वाचनालयं चालवली. पाळीवरून सुटलेल्या माणसाला बसायला खोलीतही जागा नसते, हे या लोकांना कळलं होतं. एका खोलीत दहा-बारा गाळेकरी झोपायचे. त्यांना घर आहे ना, असं त्यांनी विचारलं नाही.

सॅलरी स्लिपची ओळ समजल्यावर मी एका शनिवारी पुण्यातलं एक कामगार कल्याण केंद्र शोधून काढलं. उघडं होतं! आत शिवणयंत्रांवर बारा-पंधरा बायका, बाजूच्या खोलीत मान खाली घालून अभ्यास करणारी पोरं, एका कोपऱ्यात पेपर. टेबलामागच्या मॅडमनी मला वर्गाची फी विचारायला आलेली समजून तक्ता पुढे केला. मी म्हटलं, नुसती बघायला आले. "बसा की मग," त्या म्हणाल्या आणि आपल्या रजिस्टरकडे वळल्या. मला तिथं एकदम रडू येईल असं वाटलं, म्हणून मी पेपर उघडला. माझ्या ऑफिसात आमच्या मजल्यावर दोनशे माणसं आहेत. दोनशे जणांचे २५ रुपये जातात. मी सोमवारी विचारलं. हे केंद्र कुणाला माहीत नव्हतं. फी भरून जिमला न जाणं आपल्याला कळतं, कारण निदान वाईट वाटतं. इथं आपल्याला वाईटसुद्धा वाटत नाही.

बसायला जागा आता पैशाला मिळते, हे उत्तर मला ठाऊक आहे. कॅफे आहेत. दीडशेची कॉफी घेतली की दोन तास कुणी उठवत नाही. पुण्यात सदाशिव, नारायण पेठेत फिरा, दर दुसऱ्या इमारतीत अभ्यासिका. एक खुर्ची, एक प्लग, वायफाय, महिन्याचं भाडं. गावाकडून स्पर्धा परीक्षेसाठी आलेला मुलगा खोलीचं भाडं वेगळं देतो आणि खोलीत अभ्यास होत नाही म्हणून खुर्चीचं भाडं वेगळं देतो. मला जे अण्णांच्या ट्यूबलाइटखाली फुकट मिळालं, ते तो आज महिन्याच्या महिन्याला विकत घेतोय. आणि त्या खुर्चीवर त्याच्या शेजारी विड्या वळणारी आई बसू शकत नाही. तिथं फक्त त्याच्यासारखीच पोरं असतात. कॅफेत फक्त कॉफी परवडणारे. जिथं सगळे आपल्यासारखेच असतात तिथं तुम्हाला शिष्यवृत्तीच्या फॉर्मची माहिती मिळत नाही, कारण ती माहिती तुमच्याहून एक वर्ष पुढे असलेल्या, तुम्हाला न ओळखणाऱ्या बाईकडे असते.

आणि उन्हाळा. सोलापुरात मे महिन्यात पारा त्रेचाळीसवर जातो. पत्र्याखालच्या घराचं तापमान कुणी मोजत नाही, पण मी त्यात पंधरा उन्हाळे काढले आहेत. दुपारी पत्र्याकडे नुसतं बघितलं तरी डोळे जळायचे. १९९५ साली अमेरिकेतल्या शिकागो शहरात उष्णतेच्या लाटेत सातशेहून जास्त माणसं मेली. एरिक क्लिननबर्ग या समाजशास्त्रज्ञानं त्यावर पुस्तक लिहिलं. शेजारशेजारच्या, सारख्याच गरीब वस्त्यांमध्ये मृत्यूंचं प्रमाण फार वेगळं होतं. जिथं रस्त्यावर दुकानं, वर्दळ, जायला जागा होत्या तिथं एकटी म्हातारी माणसं घराबाहेर पडली आणि वाचली. आमच्या गल्लीत जायला जागा आहे. पक्क्या स्लॅबची, सहा पंख्यांची. तिला कुलूप आहे आणि तिच्या पायरीवर मावश्या सावलीपुरत्या बसतात, सावली सरकली की सरकतात.

आता ते सात अंगठे.

'उद्या कामवाल्या बायकाही येऊन बसतील.' मला वाटतं, क्लब हाऊस रिकामं असण्याचं खरं कारण या वाक्यात आहे. आमच्या सोसायटीत रोज सकाळी साठेक बायका कामाला येतात. एका घरचं काम संपून दुसऱ्या घरचं सुरू होईपर्यंत मधे पाऊण तास, तासभर असतो. तो त्या पार्किंगमध्ये, जिन्याखाली, मीटररूमच्या बाहेर काढतात. डबा तिथंच खातात. कागदोपत्री आमच्या टॉवरमध्ये कम्युनिटी हॉल आहे, पण त्यातली कम्युनिटी म्हणजे फ्लॅटच्या करारावर सही असलेले लोक. गंमत म्हणजे त्या व्याख्येत माझी आईसुद्धा बसत नाही. सही माझी आहे. माठातलं पाणी न पिणारे आमच्या समाजमंदिरातही होते, हे मी वर सांगितलंच. पण तिथं निदान माठ एक होता आणि न पिणाऱ्यालाच खोटं बोलावं लागायचं. इथं नियमच पुढे करता येतो.

म्हणून मला हे सरकारपाशीच सोडून द्यायचं नाही. सरकारकडे मागायचं ते मागूच: पाटीवर नावांच्या खाली उघडायची वेळ लिहा, इमारतीच्या खर्चात दहा वर्षांचा एका माणसाचा पगार धरल्याशिवाय नारळ फोडू नका, आणि संडास आधी बांधा, ग्रॅनाइट नंतर. पण तुमच्या आयुष्यातली सगळ्यात जवळची कुलूपबंद सार्वजनिक जागा बहुधा तुमच्याच इमारतीच्या तळमजल्यावर आहे, आणि तिच्या कुलपाला तुम्ही दर महिन्याला पैसे देता.

आमच्या सोसायटीची वार्षिक सर्वसाधारण सभा सप्टेंबरमध्ये झाली. एकशे चाळीस फ्लॅटपैकी एकोणतीस जण आले. सभा क्लब हाऊसमध्ये होती, त्यामुळे निदान त्या दिवशी ते उघडलं. माझा विषय शेवटी होता, अध्यक्षांच्या परवानगीने ऐनवेळी येणाऱ्या विषयांत. मी म्हटलं, रोज दुपारी दोन ते पाच क्लब हाऊस बुकिंगशिवाय उघडं ठेवा. सगळ्यांसाठी. कामाला येणाऱ्या बायकांसाठीही, पंखा आणि पिण्याच्या पाण्यासकट. बराच वेळ कुणी काही बोललं नाही. मग विजेचा प्रश्न आला, मग सोफ्यांचा, मग इन्शुरन्सचा. एक निवृत्त बँकवाले काका, ज्यांच्याशी मी लिफ्टमध्येसुद्धा कधी बोलले नव्हते, उठून म्हणाले की बायको गेल्यापासून ते दुपारी दोन ते पाच एटीएमच्या बाहेरच्या कट्ट्यावर बसतात. एवढंच म्हणून ते खाली बसले. त्यानंतर इन्शुरन्सचा मुद्दा कुणी काढला नाही. पण 'सगळ्यांसाठी' या शब्दावर गाडी अडली ती अडलीच. रहिवाशांपुरतं तीन महिने प्रायोगिक तत्त्वावर करून बघू, असं सचिव म्हणाले. मी नाही म्हटलं. मला अर्धं मिळत होतं, ते घ्यायला हवं होतं, असं नंतर दोघातिघांनी सांगितलं. बँकवाल्या काकांकडे बघून मलाही क्षणभर तसं वाटलं होतं. पण अर्धं उघडलेलं दार नियम म्हणून एकदा लिहिलं गेलं की उरलेलं अर्धं कायमचं बंद होतं. आमच्या माठाचं तेच झालं होतं.

शेवटी ठरलं की लेखी अर्ज द्या, कमिटी विचार करेल. अर्जाचा छापील नमुना आहे. हॉल कुठल्या तारखेला हवा, किती वेळ, किती माणसं, डेकोरेशन आहे का, केटरिंग बाहेरचं का. आईनं तो माझ्याकडून मागून घेतला आणि स्वतः भरला. नागपूरकडच्या काकूंनी सही केली, ओडिशाच्या मावशींनी त्यांच्या लिपीत केली, बँकवाल्या काकांनी इंग्रजीत केली, आणि आमच्याकडे भांडी घासायला येणाऱ्या ताईंनी, आधी नको नको म्हणून, मग पेन घेऊन, सगळ्यांच्या खाली केली. तारखेच्या रकान्यात आईनं 'रोज' लिहिलंय. 'कार्यक्रमाचे स्वरूप' असा एक रकाना आहे. त्यात तिनं लिहिलंय, 'बसणे'.

अर्ज सचिवांकडे आहे. त्यांनी काल निरोप पाठवला की स्वरूप नीट स्पष्ट करावं. आई म्हणाली, त्यांना सांग, दुपारी खाली या, दाखवते.